रिकाम्या प्लॉटचं गहाण नंतर बांधलेल्या इमारतीला लागू होतं का?

विक्रोळी_पूर्व:
विक्रोळीत काम चालू असलेल्या एका प्रकल्पात फ्लॅट घ्यायचा विचार आहे. सर्च रिपोर्टमध्ये (वकिलाने जुने नोंदणीकृत दस्त तपासून दिलेला अहवाल) २०१९ चं नोंदणीकृत गहाणखत निघालं. परिशिष्टात सिटी सर्व्हे नंबर, क्षेत्रफळ आणि चतुःसीमा एवढंच आहे. तेव्हा प्लॉट मोकळा होता, त्यामुळे इमारतीचा उल्लेखच नाही. आता चौदाव्या मजल्याचा स्लॅब पडलाय. विक्री कार्यालयात सांगतात, "कर्ज जमिनीवर आहे, फ्लॅटवर नाही, फ्लॅट क्लिअर आहे." हे कायद्याला धरून आहे का? टोकन देण्याआधी काय काय मागावं?

दस्तवाचक:
कायद्याला धरून नाही. मालमत्ता हस्तांतरण अधिनियम, १८८२ चं कलम ७० बघा. गहाण ठेवल्यानंतर मालमत्तेत जी भर पडते, तीही कर्ज देणाऱ्याच्या तारणात येते; करारात उलट काही ठरलं असेल तरच नाही. कलमाखाली दोन उदाहरणं आहेत. पहिलं नदीकाठच्या शेताचं, गाळ साचून ते वाढतं. दुसरं हुबेहूब तुमचं: बांधकामाचा प्लॉट गहाण ठेवला, मग त्यावर घर बांधलं, तर तारणापुरता घरावरही हक्क.

म्हणजे परिशिष्टात इमारत लिहिलेली नाही याचा फायदा बिल्डरला मिळत नाही, कर्ज देणाऱ्याला मिळतो. बहुतेक गहाणखतांत "सध्याची व पुढे होणारी सर्व बांधकामं" असं घालतातच, पण ते नसलं तरी कलम ७० पुरेसं आहे. नंतर टीडीआर (दुसरीकडून विकत आणलेला बांधकाम हक्क) आणून चढवलेले मजलेही त्यातच आले. तुम्हाला शोधायचं आहे ते याच्या उलटं वाक्य: अमुक विंग वगळली, किंवा विकलेले फ्लॅट अमुक रक्कम भरल्यावर मोकळे होतील. परिशिष्ट दीड पानाचं असतं म्हणून लोक तेवढंच वाचतात. 'तारण' या शब्दाची व्याख्या आणि फ्लॅट मोकळे करण्याची अट आतल्या पानांत असते. दस्ताची पूर्ण प्रमाणित प्रत दुय्यम निबंधकांकडून काढा.

दुसरा गैरसमजही आत्ताच काढून टाका. "वेळ आली तर माझ्या फ्लॅटपुरते पैसे भरून सोडवून घेईन" असं चालत नाही. कलम ६० प्रमाणे हिस्स्यापुरती रक्कम भरून फक्त आपला हिस्सा सोडवायचा हक्क नाही. कर्ज देणाऱ्याने मान्य केलं तरच. म्हणून त्याच्या लेखी संमतीवर अडून बसायचं.

तारीख_महत्त्वाची:
वरच्याशी सहमत, फक्त एक भर. रेराच्या (स्थावर संपदा कायदा, २०१६) कलम ११(४)(ह) चा आधार लोक नको तिथे घेतात. विक्री करार झाल्यावर प्रवर्तकाने (म्हणजे बिल्डरने) तो फ्लॅट गहाण टाकला, तर त्या गहाणाने तुमच्या हक्काला बाध येत नाही. मोफा १९६३ (महाराष्ट्राचा जुना फ्लॅट मालकी कायदा) च्या कलम ९ चाही रोख तोच. पण हे करारानंतरच्या गहाणाबद्दल झालं. तुमचं गहाण २०१९ चं, करार आता होणार. आधीचं गहाण या कलमाने पुसलं जात नाही. एका कागदावर तारखा एकाखाली एक लिहा: गहाणखत, त्यात झालेला प्रत्येक बदल, तुमचा नोंदणीकृत करार. करार नोंदवल्याशिवाय १० टक्क्यांपेक्षा जास्त रक्कम देऊ नका, प्रवर्तकाने ती घेणंही रेराच्या कलम १३ ने मना आहे.

तपासायच्या जागा:
महारेराच्या (रेरा राबवणारं राज्याचं प्राधिकरण) संकेतस्थळावर प्रकल्पाच्या पानावरचा बोजाचा तपशील. सरसाईवर (बँकांच्या तारणांची केंद्रीय नोंदवही) मालमत्तेनुसार शोध. बिल्डर कंपनी असेल तर कंपनी निबंधकांकडची सीएचजी-१ नोंद (कंपनीच्या मालमत्तेवरचा बोजा नोंदवायचा फॉर्म), कारण कर्ज वाढवलं की ते तिथे दिसतं. आणि आयजीआरच्या (राज्याचा नोंदणी विभाग) साइटवर नोटीस ऑफ इंटिमेशन, म्हणजे गहाणाची सूचना. मूळ कागद बँकेत ठेवून केलेलं गहाण मुंबईत सर्रास चालतं, त्याचा नोंदणीकृत दस्त असेलच असं नाही आणि इंडेक्स टूमध्ये (नोंदणीकृत दस्तांची सूची) ते सापडेलच असं नाही. महाराष्ट्रात अशा गहाणाची नोटीस नोंदणी अधिनियमाच्या कलम ८९ब खाली ३० दिवसांत दाखल करावी लागते. नुसत्या प्रॉपर्टी कार्डावर (सिटी सर्व्हेचा मालकीचा उतारा) विसंबू नका, बँकेचा बोजा तिथे चढलेला नसतो असं पुष्कळदा होतं.

कर्ज थकलं तर सरफेसीची (बँकेला तारण जप्त करून वसुली करू देणारा कायदा) ६० दिवसांची नोटीस कर्जदाराला म्हणजे बिल्डरला जाते. फ्लॅटधारकाला बरेचदा ताब्याचा कागद गेटवर चिकटल्यावरच कळतं.

जुनी_चाळ:
एक अपवाद, तुमचा नसला तरी. जमीन भाडेपट्ट्याची आणि इमारत भाडेकरूने स्वतः बांधलेली असेल, तर आपल्याकडे जमिनीची आणि इमारतीची मालकी वेगळी असू शकते. सर्वोच्च न्यायालयाने १९५८ मध्ये मुंबईच्याच एका प्रकरणात हे मान्य केलंय. तिथे जमीनमालकाने गहाण टाकलं म्हणून भाडेकरूची इमारत आपोआप तारणात जात नाही, पट्टा गहाणाच्या आधीचा हवा. तुमच्याकडे गहाण टाकणारा आणि बांधणारा एकच, म्हणून कलम ७० सरळ लागू.

विक्रोळी_पूर्व:
आभार. बिल्डरने कर्जदाराच्या एनओसीचा (ना हरकत पत्राचा) एक पानी नमुना पाठवला. "सदर प्रकल्पातील सदनिकांच्या विक्रीस आमची हरकत नाही" असं एक वाक्य, खाली सही. एवढं पुरेल का?

दस्तवाचक:
पुरणार नाही. "विक्रीस हरकत नाही" आणि "या फ्लॅटवरचा आमचा बोजा सोडला" ही दोन वेगळी वाक्यं आहेत. पहिल्यात विकायची परवानगी मिळते, बोजा तसाच राहू शकतो. शिवाय 'कर्जदार' म्हणजे कर्ज घेणारा. एनओसी कर्ज देणाऱ्याची हवी. पत्र कोणाच्या लेटरहेडवर आहे ते आधी बघा.

पत्रात हवं: विंग, मजला, फ्लॅट नंबर, रेरा कार्पेट क्षेत्र (रेराच्या व्याख्येनुसार आतलं वापराचं क्षेत्रफळ), पार्किंग, तुमचं नाव, किंमत, महारेरा क्रमांक, आणि ठरलेली रक्कम अमुक खात्यात जमा झाली की या फ्लॅटवरचं तारण संपलं असं स्पष्ट विधान. वैधतेची तारीख बघा. ३० किंवा ६० दिवसांची मुदत असेल आणि करार नंतर नोंदवला, तर पत्र नव्याने घ्या. कर्ज दोन-तीन संस्थांचं मिळून असेल तर सही सिक्युरिटी ट्रस्टीची (सगळ्यांच्या वतीने तारण सांभाळणारा) लागते, एकट्या बँकेची चालणार नाही.

सर्वांत जास्त घोटाळा खात्यात होतो. एनओसीत एक खाते क्रमांक असतो, विक्री कार्यालय मागणीपत्रात दुसरा देतं. दुसऱ्या खात्यात पैसे गेले तर अट पूर्ण झालीच नाही, असं कर्ज देणारा म्हणू शकतो. चेक, आरटीजीएस, तुमच्या गृहकर्जाचे हप्ते, सगळं एनओसीतल्याच खात्यात जाऊ द्या. तुमच्या बँकेलाही एनओसीची प्रत द्या आणि चेकवर नावापुढे तो खाते क्रमांक लिहायला सांगा.