एमटीव्हीमुळे रॉक बदललं म्हणजे नेमकं काय झालं?

खर्जातला: एमटीव्ही, म्हणजे १ ऑगस्ट १९८१ ला सुरू झालेलं गाण्यांच्या व्हिडिओंचं चॅनल, अमेरिकन, मग सुरुवातीला त्यावर ब्रिटिश बँडच इतके का? आणि एक तांत्रिक शंका: गायक स्लो मोशनमध्ये चालतोय, तरी ओठ गाण्याशी कसे जुळतात?

तबकडी: तयार माल ब्रिटिशांकडे होता. बँड दौऱ्यावर असला की 'टॉप ऑफ द पॉप्स' या ब्रिटिश टीव्हीवरच्या गाण्यांच्या कार्यक्रमात दाखवायला तिकडे व्हिडिओ फिती बनत. क्वीनची 'बोहेमियन ऱ्हॅप्सडी' १९७५ चीच. अमेरिकन बँडचं रेडिओ आणि दौऱ्यांवर भागत होतं. चॅनलला चोवीस तास भरायचे होते आणि कंपन्या व्हिडिओ फुकट देत, जाहिरात म्हणून. फुकट चॅनलला हं, बँडला नाही! खर्चाचा मोठा भाग, बरेचदा निम्मा, पुढे बँडच्याच रॉयल्टीतून वळता होई. ड्युरान ड्युरान या ब्रिटिश बँडचं 'हंग्री लाइक द वुल्फ' अमेरिकेत आधी पडलं होतं. श्रीलंकेत चित्रित केलेला व्हिडिओ एमटीव्हीने लावून धरल्यावर १९८३ मध्ये ते तिसऱ्या क्रमांकावर पोचलं.

फिरकी: म्हणजे शेवटी देखण्यांचीच चलती.

तबकडी: अर्धवट खरं. दोन दाढीवाल्यांचा झीझी टॉप हा बँड तेव्हा तेरा-चौदा वर्षं जुना होता. १९८३ मध्ये त्यांनी व्हिडिओत १९३३ ची लाल फोर्ड मोटार पुढे केली आणि स्वतः कडेला उभे राहिले. हवी असते ती लगेच ओळखू येणारी खूण. पर्ल जॅम या बँडने तर १९९२ नंतर व्हिडिओच बंद केले, ते थेट १९९८ पर्यंत. अर्थात आधीच्या व्हिडिओंनी नाव झालेलं होतं, म्हणून परवडलं.

नेगेटिव्ह: ओठांचं सांगतो. सेटवर गाणं दुप्पट वेगाने वाजवायचं, गायकाने त्या वेगाने म्हणायचं, कॅमेरा सेकंदाला ४८ फ्रेमवर. २४ ने दाखवलं की हालचाल निम्म्या वेगाची, ओठ मूळ लयीत. प्रकाश एक स्टॉप, म्हणजे दुप्पट, वाढवावा लागतो, कारण प्रत्येक फ्रेमला निम्माच वेळ मिळतो. गडबड होते ती प, ब, म वर: घाईत ओठ पुरते मिटत नाहीत आणि चोरी पकडली जाते. ड्रमरला दुप्पट वेग झेपत नाही, हात आखडतो, म्हणून त्याचे शॉट साध्या वेगात घेतलेले बरे. ड्रमच्या झांजा टेप लावून दाबायच्या, नाहीतर प्लेबॅक, म्हणजे सेटवर वाजवलेलं गाणं, ऐकूच येत नाही.

खर्जातला: आणि साध्या वेगात घेतलं तर काहीच भानगड नाही?

नेगेटिव्ह: अमेरिकेत आहे. तिथल्या टीव्हीवर सेकंदाला २९.९७ फ्रेम, म्हणून २४ ची फिल्म त्यासाठी उतरवताना २३.९७६ ने चालते. फरक ०.१ टक्का, पण चार मिनिटांत पाव सेकंदाच्या आसपास जातो. शेवटच्या कडव्यात ओठ मागे पडलेले स्पष्ट दिसतात. उपाय: सेटवरचा प्लेबॅक तेवढाच, ०.१ टक्का, जलद ठेवायचा. युरोपात २५ वर चित्रित करून २५ वरच दाखवतात, तिथे हा ताप नाही.