पंखा बदलायचा की नुसता रेग्युलेटर?

झुळूक (धागाकर्ती): घरात चार पंखे, चारही जुने, ७५ वॅटचे. घरच्यांचं म्हणणं, चारही काढून बीएलडीसी (ब्रश नसलेल्या डीसी मोटारीचे, कमी वीज खाणारे पंखे) लावू, ते ३० वॅटच्या आसपास घेतात. मला हे सरसकट बदलणं पटत नाही. झोपायच्या खोलीतला पंखा दिवसाला १५ तास फिरतो. त्याला महिन्याला ३४ युनिट लागतात, बीएलडीसीला साडेतेरा लागतील. वीस युनिट वाचले, मान्य. पण पाहुण्यांच्या खोलीतला जेमतेम तासभर चालतो, तिथे दीड युनिटही वाचत नाही. त्या पंख्याचे पैसे कधी वसूल व्हायचे?

जुनंतेसोनं: एकही बदलू नका. दोन नंबरवर चालवा, वीज आपोआप कमी लागते.

मीटरवाला: आपोआप? रेग्युलेटर कोणता आहे त्यावर आहे ते. जुना मोठा डबा असेल तर त्यावर तळहात ठेवून बघा, चांगला गरम लागेल. पंख्याची कमी केलेली वीज तिथे उष्णता होऊन वाया जाते. मी घरातलं सगळं बंद करून (फ्रिजसुद्धा; त्यावरून बोलणी खाल्ली) मीटरसमोर घड्याळ घेऊन बसलो. माझ्या मीटरचा लाल दिवा ३२०० वेळा लुकलुकला की एक युनिट होतं. पाच नंबरवर दर १५ सेकंदांनी लुकलुकला, म्हणजे ७५ वॅट. दोनवर २० सेकंद, म्हणजे ५६ वॅट. वारा पार मेलेला आणि वीज एवढी! इलेक्ट्रॉनिक रेग्युलेटर लावला, तेवढ्याच वाऱ्याला ४० सेकंद. २८ वॅट.

जुनंतेसोनं: मग माझंच खरं ठरलं की! रेग्युलेटर बदला, पंखा राहू द्या.

निळीपाती: नाही ठरलं. उकाड्यात दोन नंबरवर झोपतं कोण? पाचवर तुमचा रेग्युलेटर कुठलाही असो, ७५ ते ७५च. बीएलडीसी तोच वारा ३० वॅटमध्ये देतो.

जुनंतेसोनं: आणि त्याचं सर्किट उडालं की? माझा पंखा मंदावला तेव्हा अडीच मायक्रोफॅरडचा कपॅसिटर बदलला, दहा मिनिटांत पुन्हा भिंगरी. तुम्ही त्या सर्किटच्या कार्डासाठी किती दिवस वाट बघणार?

निळीपाती: वॉरंटी बघून घ्यायचा. बाकी कार्डाचा मुद्दा खरा आहे, आमचं एक गेलंय.

मीटरवाला: एक राहिलंच. रिकाम्या खोलीत पंखा चालू ठेवणारे आमच्याकडेही आहेत, "खोली गार राहते" म्हणे. पंख्याने घाम वाळतो म्हणून अंगाला गार वाटतं. खोली गार होत नाही, उलट मोटारीची उष्णता तिच्यातच राहते.

झुळूक: ठरलं. झोपायच्या खोलीत बीएलडीसी, हॉल आणि स्वयंपाकघरात इलेक्ट्रॉनिक रेग्युलेटर, पाहुण्यांचा आहे तसाच.

जुनंतेसोनं: काढलेला पंखा भंगारात देऊ नका. मी नेतो.