फ्लीट यांनी गुप्त संवताचा आरंभ कसा ठरवला?

प्रश्न (शिलालेखवाचक):
जे. एफ. फ्लीट (१८४७–१९१७) मुंबई इलाख्यातले मुलकी अधिकारी. कलेक्टरी सांभाळून पुराभिलेखांचं (जुन्या शिलालेख-ताम्रपटांचं) एवढं काम कसं झालं? आणि गुप्त संवत (गुप्त राजांची वर्षगणना) इ.स. ३१९ पासून, हे नेमकं कशावरून ठरलं? लेखांतल्या तिथी स्वतः पडताळायच्या आहेत, तेव्हा गणिताची रीतही सांगा.

ताम्रपट:
सगळं काम फावल्या वेळातलं नव्हतं. लंडनला गोल्डश्टुकर यांच्याकडे संस्कृत शिकूनच ते १८६७ साली इथे आले. मग दक्षिण भागात शिक्षण खात्याचे निरीक्षक, पुढे कोल्हापूर आणि दक्षिण मराठा मुलूख इथे पोलिटिकल खात्यात. कानडी शिलालेखांनी भरलेला प्रदेश असा आयताच पायाखाली आला. १८८३ मध्ये हिंदुस्थान सरकारने त्यांना पुराभिलेखतज्ज्ञ नेमलं आणि पुढची तीन वर्षं महसुलाचं ओझं उतरलं. गुप्त लेखांचा १८८८ चा ग्रंथ त्या सवडीचं फळ. सोलापूरची कलेक्टरी, कमिशनरी हे त्यानंतरचं. निवृत्ती १८९७.

गतशक:
आधीच्या अभ्यासकांपैकी थॉमस हा आरंभ इ.स. ७८ च्या सुमारास धरत, कनिंगहॅम १६६-६७. मध्ययुगीन ग्रंथकार अल्बेरूनीने हा संवत शकानंतर २४१ वर्षांनी असं लिहिलं होतं, पण तो काळ त्याने गुप्तांच्या अंताशी जोडला, म्हणून त्याच्यावर विश्वास बसत नव्हता.

कोंडी फोडली मंदसोरच्या लेखाने. रेशीम विणणाऱ्यांच्या श्रेणीने (व्यवसाय-संघाने) बांधलेल्या सूर्यमंदिराचा हा लेख गुप्त राजा कुमारगुप्ताचं राज्य चालू असल्याचं सांगतो आणि मालव वर्ष ४९३ देतो. मालव म्हणजेच विक्रम संवत धरला की इ.स. ४३६. कुमारगुप्ताचे स्वतःचे लेख गुप्त वर्ष ९६ पासून १२९ पर्यंत मिळतात. ३१९ मिळवा: ४१५ ते ४४८, आणि ४३६ बरोबर आत बसतं. १६६ मिळवलेत तर २६२ ते २९५, म्हणजे जमतच नाही.

दुसरा पुरावा एरणच्या लेखाचा, गुप्त राजा बुधगुप्ताच्या काळचा: वर्ष १६५, आषाढ शुक्ल द्वादशी, गुरुवार. १६५ + २४१ = गत शक (पूर्ण झालेली शकवर्षं) ४०६. ज्योतिर्गणिती शंकर बाळकृष्ण दीक्षितांच्या गणिताने २१ जून ४८४ आला, आणि तो गुरुवारच. दीक्षितांचं श्रेय इथे ठळकपणे सांगायलाच हवं. जुन्या लेखांत वार क्वचितच असतो, म्हणून एरणचा लेख मोलाचा. तरी नुसता वार जुळणं पुरेसं नाही. सातात एकदा तो योगायोगानेही जुळतो. मंदसोर आणि एरण दोन्ही मिळून निर्णय पक्का होतो.

तुमच्यासाठी रीत: गत शकात ७८ मिळवा, तिथी १ जानेवारीनंतर पडत असेल (पौषाचा काही भाग ते फाल्गुन) तर ७९. गत कलीतून (कलियुगाच्या पूर्ण झालेल्या वर्षांतून) ३१७९ वजा केले की गत शक. ऐहोळेच्या लेखात भारतयुद्धापासून (म्हणजे कलीची) ३७३५ वर्षं आणि शक ५५६ दोन्ही दिलेत, तिथे करून पाहा. दक्षिणेकडच्या नंतरच्या लेखांत साठ वर्षांच्या चक्रातल्या संवत्सराचं नाव असेल तर गत शक + १२, भागिले ६०. बाकी १ म्हणजे प्रभव, शून्य म्हणजे क्षय.

चुका बहुधा तीन ठिकाणी होतात. शक गत की वर्तमान हे न पाहिल्यास सबंध वर्षाचा फरक पडतो. कृष्ण पक्षात अमान्त (अमावास्येला संपणाऱ्या) आणि पूर्णिमान्त (पौर्णिमेला संपणाऱ्या) महिन्याचं नाव वेगळं असतं. शुक्ल पक्षात ही अडचणच नाही. आणि वार सूर्योदयाला चालू असलेल्या तिथीशी जुळवायचा. तरीही जमेना, तर कोरणाऱ्याला दोष देण्याआधी ठशावरून (लेखाच्या कागदावर घेतलेल्या छापावरून) अंक पुन्हा वाचा.

शिलालेखवाचक:
आभार! फ्लीट यांचं लेखन आज जसंच्या तसं वापरता येईल का?

ताम्रपट:
वाचन बहुतांशी भरवशाचं, निष्कर्ष तपासून घ्या. कुशाण राजा कनिष्काला त्यांनी इ.स.पू. ५८ मध्ये नेलं, ते टिकलं नाही. पश्चिम गंग राजवंशाचे ताम्रपट त्यांनी बनावट ठरवले. म्हैसूरचे पुराभिलेखतज्ज्ञ राइस यांच्याशी तो वाद वर्षानुवर्षं चालला आणि पुढे त्यांतले काही अस्सल मानले गेले. कानडी राजवंशांसाठी त्यांचं १८८२ चं पुस्तक नको, मुंबई गॅझेटियरच्या पहिल्या खंडाच्या दुसऱ्या भागातली १८९६ ची सुधारित आवृत्ती घ्या. भांडारकरांचा दख्खनचा इतिहासही त्याच भागात आहे. ऐहोळेचा पाठ मात्र कीलहॉर्न यांचा, एपिग्राफिया इंडिकाच्या सहाव्या खंडातला.