प्रतिसाद: नकाशांची पुस्तकं, आणि खान नदी घरांतून वाहते तेव्हा

नकाशांचं शास्त्र शिकायला कोणती पुस्तकं वाचावीत, या प्रश्नावर वर दोघातिघांनी सुचवलेली पुस्तकं चांगलीच आहेत, पण बहुतेक सॉफ्टवेअरची आहेत. कुठलं बटण दाबायचं ते शिकवतात, आणि पुढच्या आवृत्तीत बटणच जागेवर नसतं. आधी प्रक्षेपण (गोल पृथ्वी सपाट कागदावर उतरवण्याची पद्धत) आणि डेटम (अक्षांश-रेखांश ज्याच्या आधारे मोजतात तो संदर्भ) यांवरची प्रकरणं वाचा, कंटाळवाणी वाटली तरी.

माझा अनुभव सांगतो. इथे इंदूरला मी एक जुनी १:५०,००० ची टोपोशीट (सर्वेक्षणाचा तपशीलवार नकाशा) स्कॅन करून क्यूजीआयएस या नकाशांच्या सॉफ्टवेअरमध्ये उपग्रहचित्रावर बसवली. खान नदी सरळ लोकांच्या घरांतून वाहू लागली! दोन दिवस स्कॅनरला शिव्या घातल्या. खरी गोष्ट अशी, की जुने भारतीय नकाशे एव्हरेस्ट लंबगोलावर (पृथ्वीच्या आकाराचं जुनं गणिती प्रारूप) आधारलेल्या डेटमवर आणि जीपीएस डब्ल्यूजीएस ८४ या नव्या, जगभरच्या डेटमवर. आपल्या भागात दोन्हींतला फरक शंभर मीटरहून जास्त, म्हणजे त्या कागदावर दोनेक मिलिमीटर. कागदावर नजरेत भरत नाही, पडद्यावर मोठं केलं की अख्खी गल्ली सरकते.

गंमत म्हणजे त्या जुन्या भारतीय डेटमचा आरंभबिंदू आपल्याच मध्य प्रदेशात, सिरोंजजवळ कल्याणपूरला आहे. १८०२ मध्ये विल्यम लँबटन या ब्रिटिश अधिकाऱ्यानं मद्रासजवळ सुरू केलेल्या त्रिकोणमितीय सर्वेक्षणाचा इतिहास वाचलात तर हे सगळं आपोआप उलगडतं. म्हणून माझं मत, इतिहासाचं एक पुस्तक यादीत हवंच.

आणि हो, नकाशे दिशाभूल कशी करतात यावरचं, भूगोलतज्ज्ञ मॉनमनियरचं ‘हाऊ टू लाय विथ मॅप्स’ (१९९१) कुणीच कसं सुचवलं नाही? गणित जवळजवळ नाहीच त्यात.