मदत हवी आहे: 'बिग बिझनेस'सारखी तोडफोड स्टेजवर करतोय, पण हशाच येत नाही

केतकी_प: मंडळी, जरा अर्जंट आहे. लॉरेल-हार्डीचा 'बिग बिझनेस' (१९२९ चा मूकपट) पाहिलाच असेल, ते दोघं ख्रिसमस ट्री विकायला जातात त्या घरमालकाच्या, फिनलेसनच्या, दारातलं भांडण बसवतोय. पोरं जीव तोडून पडतात, आपटतात, तरी बघणारे ढिम्म. काय करू?

मंदार७: चॅप्लिन घ्या, हमखास हशा.

जुना_रीळवाला: शूटिंग करताय की स्टेज? किती मिनिटं? मूळ दोन रिळांचं आहे, वीसेक मिनिटांचं.

केतकी_प: स्टेज, टायटलमध्ये लिहिलंय. सहा मिनिटं. चॅप्लिन नकोय.

फ्रेम_वेडा: तुमची कॉपी फास्ट असणार! मूकपटांचा स्पीड ठरलेला नसायचा, सेकंदाला १६ पासून २४ फ्रेमपर्यंत काहीही, बोलपट आल्यावर २४ पक्का झाला, म्हणून कमी स्पीडचे जुने पिक्चर २४ ने चालवले की फास्ट दिसतात. तीच घाई पोरांनी उचलली असेल.

जुना_रीळवाला: १९२९ पर्यंत स्पीड बराच वाढला होता हो, त्याचा इथे काय संबंध. केतकी, तुमच्यात दोन्ही पार्ट्या एकदमच हाणामारी करतात का?

केतकी_प: हो मग, भांडण आहे ना!

जुना_रीळवाला: मग हसणार कधी लोक? परत बघा. फिनलेसन लॉरेल-हार्डीचं ख्रिसमस ट्री कातरतो तेव्हा हे दोघं अडवतच नाहीत, नुसते उभं राहून बघतात, मग यांची पाळी आली की तो बघत राहतो. हशा त्या बघण्यावर आहे. पुढे फिनलेसन यांची गाडी मोडतोय, तिकडे लॉरेल घरातून फुलदाण्या फेकतोय आणि हार्डी फावड्याने बॅटिंग करतोय, हे एकदम चालतं कारण तोवर आपण पुरते तापलेलो असतो. आणि पोलीस! समोर गाडीत बसून सगळं शांतपणे वहीत टिपून घेतो.

सुहास_ठाणे: मूकपटांतला दुसरा विनोदवीर बस्टर कीटन, त्याच्या अंगावर घराची भिंत पडते आणि तो खिडकीतून बरोबर वाचतो, त्याच्यापुढे हे काहीच नाही.

फ्रेम_वेडा: तो 'स्टीमबोट बिल ज्युनियर', १९२८, मोठा पिक्चर आहे. इथे शॉर्ट फिल्मचं चाललंय. शॉर्टमध्ये 'बॅटल ऑफ द सेंच्युरी' बघा, १९२७, नुसती क्रीमवाल्या पायची (pie, केकसारखा गोड पदार्थ) फेकाफेकी. दुसरं रीळ हरवलं होतं, २०१५ मध्ये सापडलं.

रेवा_न्यूजर्सी: कॉपीराइटची काळजी नको, १९२९ चे पिक्चर इथे अमेरिकेत १ जानेवारी २०२५ पासून खुले झालेत.

केतकी_प: कॉपीराइट कोणी विचारला?? रीळवाले, आमच्यात पोलीसच नाहीये, घेते. उभा कुठे करू?

जुना_रीळवाला: एका कडेला, पण वही सगळ्यांना दिसली पाहिजे. आणि प्रत्येक तोडफोडीनंतर आधी त्याला लिहू द्या, मगच पुढची पाळी.

सुहास_ठाणे: कीटनच्या शॉर्टही आहेत की, 'वन वीक' बघा, १९२० चा.