मदत हवी आहे: रताळ्याच्या गोड चकत्यांवर पाक नीट धरत नाहीये

एकादशीला रताळ्याच्या चकत्या करायच्यात, तूप-गुळाच्या, वरून वेलची. दोनदा करून बघितल्या, दोन्ही वेळा फसल्या. अर्धा किलो लाल सालीची रताळी, चकत्या साधारण अर्ध्या बोटाच्या जाडीच्या, दोन चमचे तूप, पाऊण वाटी चिरलेला गूळ.

पहिल्यांदा गूळ लवकर घातला, तर चकत्या मधे दडसच राहिल्या, वीस मिनिटं झाकण ठेवूनही शिजेनात (गूळ पडला की पुढे शिजत नाही हे आता कळलं). दुसऱ्यांदा आधी कुकरला एक शिट्टी काढली तर कडा सुटल्या, आणि पाक आटवत बसले तेवढ्यात निम्म्याचा लगदा, आणि जो पाक उरला तो गार झाल्यावर चिक्कीसारखा कडक, चमच्याला ओढून निघेना.

मला हवाय तो चकचकीत पातळ थर, चकती अख्खी. उपासाचं आहे त्यामुळे कॉर्नफ्लॉवर वगैरे सुचवू नका, साखरही शक्यतो नको. कढई लोखंडी आहे, नॉनस्टिक नाही. सकाळी करून दुपारी वाढायच्यात, परत गरम करता येणार नाही.

तर चकत्या तुपावर वाफवून शिजल्यावर गूळ वरून घालायचा की पाक वेगळा करून त्यात सोडायच्या? आणि पाक नेमका कुठल्या टप्प्याला गॅसवरून उतरवायचा म्हणजे दुपारपर्यंत मऊ राहील?