कादंबरीतील ‘अर्कमत’ : ऊन आणि ताईत यांचे तत्त्वज्ञान कोठे कमी पडते?

प्रश्न (जुळे सोलापूर येथील लेखिका)

सोलापूरच्या पूर्व भागातील एका विणकर घराण्यावर मी कादंबरी लिहीत आहे. त्या घराण्यात पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेले एक गूढ मत मी कल्पिले असून त्याला ‘अर्कमत’ (अर्क म्हणजे सूर्य) असे नाव दिले आहे. हे मत संपूर्णपणे माझ्या कल्पनेतील असून प्रत्यक्षात असा कोणताही पंथ नाही, हे आधीच स्पष्ट करते. त्याचा गाभा असा : सूर्य हा केवळ प्रकाश देत नाही, तर तो पाहतो, ज्या वस्तूवर ऊन पडते तिच्यात त्या पाहण्याचा अंश उरतो, आणि तो अंश धरून ठेवण्यासाठी अनुयायी स्वतःच्या हाताने तांब्याचा ताईत घडवून गळ्यात घालतो. आपल्या परंपरेत सूर्याला कर्मसाक्षी म्हटले आहे, तेथूनच मला हे सुचले. परंतु हस्तलिखित वाचणाऱ्या एका स्नेह्यांचे म्हणणे असे, की यातून तत्त्वज्ञान उभे राहत नाही, ताईत विकणाऱ्याची जाहिरात मात्र उभी राहते. हा आक्षेप मला मनापासून टोचला आहे. या मतात नेमके काय उणे आहे, ते जाणकारांनी सांगावे.

उत्तर (तत्त्वज्ञानाचे निवृत्त प्राध्यापक, होटगी रस्ता)

आपले बीज उत्तम आहे आणि त्याला मोठी पूर्वपरंपराही आहे. बाराव्या शतकात सुहरावर्दी या इराणी तत्त्वज्ञाने (इ. स. 1154 ते 1191) सगळे अस्तित्व म्हणजे प्रकाशाच्या कमीअधिक तीव्रतेच्या पायऱ्या आहेत, अशी मांडणी केली आणि सर्वांच्या मुळाशी ‘प्रकाशांचा प्रकाश’ मानला. पुढे इटलीतील फिचिनो या तत्त्वज्ञाने 1489 मध्ये प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात सूर्याचे तेज ताइतांमध्ये उतरते का, याची कसून चर्चा केली. धातूवर कोरलेल्या आकृतीपेक्षा तो धातू तापवण्याला आणि ठोकण्याला त्याने अधिक महत्त्व दिले, ही गोष्ट आपल्या कादंबरीच्या दृष्टीने फार मोलाची आहे. युरोपीय किमयागारांनी सूर्याचा धातू सोने मानला, तर आपल्याकडे तांबे. म्हणूनच अर्घ्य तांब्याच्या पात्रातून दिले जाते आणि सूर्ययंत्रही पुष्कळदा तांब्याच्या पत्र्यावर कोरलेले असते. त्या यंत्रातील नऊ घरांत 1 ते 9 हे अंक असे मांडतात, की कोणतीही ओळ घेतली तरी बेरीज 15 येते.

तथापि माझा मुख्य मुद्दा याहून जवळचा आहे. अंगावर धारण करायच्या वस्तूभोवती उभे राहिलेले एक गंभीर तत्त्वज्ञान आपल्या शहरात शेकडो वर्षे नांदत आहे. लिंगायत साधक इष्टलिंग, म्हणजे शिवाचे लहानसे लिंग, गळ्यात धारण करतो, पूजेच्या वेळी ते डाव्या तळहातावर घेतो आणि त्यावर दृष्टी स्थिर करतो. ते ‘माझे रक्षण करील’ म्हणून घालायचे नसते. ते साधकाच्याच चैतन्याचे चिन्ह असते आणि त्याच्यासमवेत आचरणाची बंधने येतात. बाराव्या शतकातील सोलापूरचे शिवयोगी सिद्धरामेश्वर यांनी साधनेबरोबर तलाव खोदण्याचे कामही केले, हे सोलापूरकराला निराळे सांगायला नको. आपल्या अर्कमतात ताईत माणसाला काय देतो ते आहे, परंतु तो माणसाकडून काय मागतो ते कोठेही नाही. आपल्या स्नेह्यांना जाहिरातीचा वास आला तो येथेच, असे मला वाटते.

उत्तर (तांब्या-पितळेच्या कामातील कारागीर, मंगळवार पेठ)

प्राध्यापक महोदयांनी ठोकण्याचा उल्लेख केला, म्हणून लिहितो. तांब्याचा पत्रा ठोकत गेले की तो कडक होतो आणि तसाच ठोकत राहिल्यास तडकतो. त्यासाठी तो लालसर होईपर्यंत तापवून पुन्हा मऊ करावा लागतो, मग पुन्हा मठारकाम, म्हणजे हातोडीने ठोकून घडवणे. ही घाई करता येण्यासारखी गोष्ट नाही. शिवाय लखलखीत केलेले तांबे वापराने आणि हवेने काळवंडते. चिंच आणि मीठ लावून ते पुन्हा पुन्हा उजळावे लागते. ताईत जे मागतो ते येथे सापडेल.

दुसरे असे, की तांबे प्रकाश साठवत नाही, आणि आपल्या कथेलाही त्याची गरज नाही. पातळ पत्र्याला दोन-तीन मिलिमीटरचे चौकोनी छिद्र पाडा आणि तो उन्हात जमिनीपासून तीन मीटर उंच धरा. खाली पडणारा कवडसा चौकोनी नसतो, तो गोलसर असतो, कारण ती छिद्राची सावली नसून सूर्याची प्रतिमा असते. जुन्या घरांत माळवदाच्या झरोक्यातून पडणारे कवडसे असेच असत. 26 डिसेंबर 2019 रोजी सोलापुरात खंडग्रास सूर्यग्रहण दिसले, तेव्हा असा प्रत्येक कवडसा चंद्रकोरीसारखा झाला होता. त्या प्रतिमेचा व्यास साधारणपणे उंचीच्या एकशेआठाव्या भागाएवढा असतो, म्हणजे तीन मीटरला सुमारे 28 मिलिमीटर; कारण सूर्याचे आपल्यापासूनचे अंतर त्याच्या व्यासाच्या जवळजवळ 108 पट आहे. जपमाळेतील मण्यांशी हा आकडा जुळतो, तो योगायोग असला तरी कादंबरीतील एखाद्या आजोबांना तो योगायोग वाटणार नाही.

उत्तर (माध्यमिक शिक्षिका, अशोक चौक)

मला या चर्चेत एक काळजी नोंदवावीशी वाटते. आजारी मुलाला दवाखान्यात न नेता आधी गंडा बांधणारे पालक मी जवळून पाहिले आहेत, आणि त्या उशिराची किंमत मुलाने मोजलेली पाहिली आहे. महाराष्ट्राला 2013 मध्ये जादूटोणाविरोधी कायदा करावा लागला, तो उगीच नव्हे. आपली कादंबरी लोकांना आवडली, तर तिच्यातील ताईत कोणीतरी बाजारात आणील, ही शक्यता लेखिकेने गृहीत धरावी. म्हणून अर्कमतातच असा कडक नियम असावा, की ताईत विकता येत नाही, दुसऱ्यासाठी घडवता येत नाही आणि त्याच्याकडे आरोग्य, अपत्य किंवा पैसा मागणे हे सर्वांत मोठे पाप आहे. मालक गेल्यावर तो वितळवून त्या तांब्याचे घरातले भांडे करावे. अशा मनाईमुळे कथेला संघर्षही मिळेल, कारण घराण्यात कोणीतरी तो नियम मोडणारच.

प्रश्नकर्तीचे उत्तर

आपणा सर्वांची मी ऋणी आहे. ‘अंश उरतो’ हे सूत्र मी काढून टाकते. नवे सूत्र असे : सूर्य सर्वांना पाहतो, ताईत आपल्या छिद्रातून पडणाऱ्या कवडशात आपल्याला सूर्याकडे, डोळे न दिपवता, उलट पाहू देतो. जो स्वतःचा ताईत उजळ ठेवत नाही, त्याला मतात बोलण्याचा अधिकार नाही. मॅडमनी सुचवलेली विक्रीची मनाई आणि भांड्याची प्रथा मी जशीच्या तशी घेत आहे. आता दीक्षेचा दिवस ठरवायचा आहे. माघ शुद्ध सप्तमी, म्हणजे रथसप्तमी, सर्वांना ठाऊक असल्यामुळे ती नको. या मताचा स्वतःचा दिवस हवा.

उत्तर (कारागीर, मंगळवार पेठ)

शून्य सावलीचा दिवस घ्या. सोलापूर कर्कवृत्ताच्या दक्षिणेस असल्यामुळे येथे वर्षातून दोनदा सूर्य माध्यान्ही बरोबर डोक्यावर येतो. एकदा मेच्या दुसऱ्या आठवड्याच्या सुमारास आणि पुन्हा ऑगस्टच्या सुरुवातीस. एरवी जमिनीवरचा कवडसा थोडासा लांबट असतो, कारण किरण तिरपे येतात. त्या दिवशी मात्र दुपारी 12 वाजून 20 मिनिटांच्या पुढेमागे आडवा धरलेला ताईत आपल्या ठीक खाली अगदी वर्तुळाकार कवडसा पाडील, आणि शिष्याने छिद्र पुरेसे लहान पाडले की नाही, हे कवडशाची कड किती स्पष्ट आहे त्यावरून गुरूला न विचारताच कळेल. ऑगस्टमध्ये आकाश ढगाळ असण्याचाच संभव अधिक, त्यामुळे दीक्षा मे महिन्यात ठेवावी. आणि ज्याचे छिद्र फार मोठे झाले असेल, त्याला ऑगस्टच्या दिवशी ढग फाकले तर दुसरी संधी द्यावी.